सापडले कोठे?

पाठचिकित्सेच्या तासाला मी गेली काही वर्षे एक उदाहरण देतो, ते मराठीतले नाही आणि साहित्यातलेही नाही. ते आहे कॉनोडॉन्ट नावाच्या सूक्ष्म जीवाश्मांचे. हे नाव उच्चारले की एम. ए.ची मुले एकमेकांकडे पाहू लागतात. विषय भरकटला असे त्यांना वाटते. तो तसा भरकटलेला नाही, हे येथे थोडे विस्ताराने मांडावेसे वाटते.

कॉनोडॉन्ट म्हणजे दातांसारखे दिसणारे, बहुतेक मिलिमीटरहूनही लहान असे कॅल्शियम फॉस्फेटचे अवयव. ख्रिश्चन पांडर याने 1856 साली बाल्टिक प्रदेशातील खडकांतून त्यांचे प्रथम वर्णन केले आणि ते माशांचे असावेत असे मानले. पुढे शंभराहून अधिक वर्षे हे दात नेमके कोणाचे, याचा निकाल लागला नाही. एडिंबरोजवळच्या ग्रँटन येथील खडकात मऊ शरीराच्या ठशासह तो ईलसारखा लांबट प्राणी सापडला आणि त्याचे वर्णन 1983 साली प्रसिद्ध झाले. गंमत अशी की, तोवर भूशास्त्रज्ञांनी याच अनामिक दातांच्या आधाराने कोट्यवधी वर्षांच्या समुद्री स्तरांची बारीक कालविभागणी केलेली होती. ‘कर्ता’ ठाऊक नसताना काळ ठरवता येतो, हे आपल्याला नवे नाही. आपले निम्मे मध्ययुगीन वाङ्मय तसेच वाचले जाते.

हे जमते याचे कारण सोपे आहे. हे प्राणी समुद्रात दूरवर पसरलेले होते, त्यांच्या दातांचे आकार भराभर बदलत गेले आणि दात टिकाऊ होते. चुनखडीचा तुकडा सौम्य अ‍ॅसेटिक किंवा फॉर्मिक आम्लात ठेवला की खडक विरघळतो, दात उरतात. मग सूक्ष्मदर्शकाखाली ओल्या कुंचल्याने ते एकेक वेचायचे. दोन दूरच्या देशांतल्या खडकांत तोच समूह सापडला, तर ते थर साधारण एकाच काळचे. पर्मियन आणि ट्रायासिक या कालखंडांमधली सुमारे 25 कोटी 19 लाख वर्षांपूर्वीची सीमा 2001 साली अधिकृतपणे ठरली, ती चीनमधील मेइशान येथे ‘हिंडिओडस पार्व्हस’ ही एक जाती ज्या थरात प्रथम दिसते त्या थराच्या तळाशी. श्रीनगरजवळची गुरयूल घळही त्या मानासाठी विचारात होती.

पण या पद्धतीत एक जागा फार नाजूक आहे. आम्लाने खडक गेल्यावर त्या दाताला त्याच्या जागेशी बांधून ठेवणारे उरते ते फक्त चिठ्ठीवरचे अक्षर. दात स्वतःचे वय सांगतो. आपण कोठून आलो हे सांगत नाही.

चंडीगढच्या पंजाब विद्यापीठातील विश्वजित गुप्ता यांनी सुमारे पंचवीस वर्षे हिमालयातील जीवाश्मांवर शेकडो शोधनिबंध प्रसिद्ध केले. 1989 साली ऑस्ट्रेलियाचे जॉन टॅलेंट यांनी ‘नेचर’मध्ये दाखवून दिले की, हिमालयातले म्हणून सादर केलेले अनेक नमुने तिथले असणे शक्य नाही. त्यांत न्यूयॉर्क राज्यातील अ‍ॅम्सडेल क्रीक या प्रसिद्ध स्थळाच्या कॉनोडॉन्टांशी हुबेहूब जुळणारे कॉनोडॉन्ट होते, आणि ते हिमालयात एकमेकांपासून फार दूर असलेल्या ठिकाणी ‘सापडले’ होते. त्याआधी 1988 साली आलेल्या सविस्तर लेखात टॅलेंट यांच्यासोबत भारतीय अभ्यासकही होते. हे मुद्दाम सांगतो, कारण हे प्रकरण परदेशी आकसाचे म्हणून झटकण्याची सवय आपल्याला आहे. पुढे विद्यापीठाच्या चौकशीत गुप्ता दोषी ठरले. नोकरी मात्र गेली नाही.

या प्रकरणातून बहुधा एका माणसाच्या अप्रामाणिकपणाची कथा सांगितली जाते. मला ती अपुरी वाटते. गुप्तांचे सहलेखक पुष्कळ होते आणि त्यांतले काही आपापल्या विषयातले नामांकित तज्ज्ञ होते. हाती आलेल्या नमुन्याची जाती त्यांनी बरोबर ओळखली, तिचा काळही बरोबर सांगितला. चुकीचे होते ते केवळ स्थळ, आणि ते विचारण्याची गरज त्यांना वाटली नाही. परिणाम असा की, त्या शेकडो निबंधांतले खरे कोणते हे वेगळे काढणे दुष्कर होऊन बसले आणि त्याच डोंगरांत इमानाने पायपीट करणाऱ्यांच्या कामाकडेही संशयाने पाहिले जाऊ लागले.

आता आपल्याकडे पाहू. राजवाड्यांनी 1909 साली एकनाथपूर्व मानून छापलेल्या ज्ञानेश्वरीची मूळ पोथी पुढे अभ्यासकांना पाहायला मिळाली नाही. राजवाड्यांच्या सचोटीविषयी मला तिळमात्र शंका नाही. पण त्या पाठाविषयीचा वाद शंभर वर्षांनंतरही मिटत नाही, कारण पडताळायला वस्तूच नाही. आपण मात्र भाषेची प्राचीन रूपे मोजत बसतो. ती मोजायलाच हवीत, परंतु जुनी रूपे नव्या नकलेतही टिकतात, आणि हौशी लेखनिक ती घडवूही शकतो. पोथी कोणत्या मठातून आली, कोणाच्या हातून, कोणत्या वर्षी, हे प्रश्न आपण ग्रंथपालावर सोडून देतो.

काही वर्षांपूर्वी माझ्या मार्गदर्शनाखाली एका विद्यार्थ्याने एका अप्रकाशित आख्यानावर प्रबंधिका लिहिली. भाषेचे विश्लेषण उत्तम होते. पोथीच्या नोंदीत ‘खासगी संग्रह’ एवढे दोनच शब्द होते, आणि मी खाली सही केली. मागच्या वर्षी दुसऱ्या एका अभ्यासिकेने ती पोथी पाहायला मागितली. विद्यार्थ्याचा जुना दूरध्वनी क्रमांक बंद आहे. माझ्याकडे अकरा पानांच्या झेरॉक्स प्रती आहेत. त्या मी तिला दिल्या, आणि तिने पहिला प्रश्न तोच विचारला.