नसलेल्या ग्रहाला जात कशी मिळाली?



नवग्रहांपैकी दोन ग्रह अस्तित्वातच नाहीत. कितीही मोठी दुर्बीण लावा, राहू दिसणार नाही, केतूही दिसणार नाही. आणि तरीही गेल्या वर्षी एका बौद्ध मुलीचे जमलेले लग्न राहूमुळे मोडले. त्या बैठकीला मध्यस्थ म्हणून आम्ही होतो. मुलाकडचेही बौद्धच. भिंतीवर बुद्ध-बाबासाहेबांची तसबीर, गच्चीवर निळा झेंडा. कारण सांगितले ते असे: मुलीच्या पत्रिकेत 'गुरु-चांडाळ योग' आहे.

'चांडाळ' हा शब्द त्या घरात उच्चारला गेला आणि कुणालाही खटकला नाही. आम्हाला तो अजून खटकतो आहे.

हा योग काय असतो? पत्रिकेत गुरू आणि राहू एका घरात आले की ज्योतिषी हे नाव देतात. कारण ज्योतिषाने ग्रहांनाही वर्ण वाटून दिले आहेत. 'बृहत्पाराशर होराशास्त्र' उघडून पाहा. गुरू-शुक्र ब्राह्मण, रवी-मंगळ क्षत्रिय, चंद्र-बुध वैश्य, शनी शूद्र. राहू मात्र चांडाळ. म्हणजे ब्राह्मणाच्या शेजारी चांडाळ येऊन बसला, ब्राह्मण बाटला, म्हणून योग अशुभ! पाणवठ्यावरची आणि देवळाच्या पायरीवरची अस्पृश्यताच ही, फक्त आकाशात नेऊन ठेवलेली. आणि आपली शिकलेली माणसे ती पाचशे रुपये देऊन कागदावर लिहून आणतात.

राहूची गोष्टही जरा नीट वाचा. समुद्रमंथनात घाम दोघांनीही गाळला, देवांनी आणि असुरांनी. अमृत निघाल्यावर मोहिनीने पंगत अशी बसवली की असुरांच्या वाट्याला काही येऊच नये. एक असुर वेष पालटून देवांच्या पंगतीत बसला. सूर्य-चंद्राने चुगली केली आणि त्याचे मुंडके उडवले. मुंडके राहू, धड केतू. कष्टाला सोबत चालतो, पंगतीला चालत नाही, हा अनुभव आपल्या आजोबांना कुठल्या पुराणातून शिकावा लागला नव्हता. पण म्हणून राहूला 'आपला महापुरुष' करून त्याची जयंती काढायला निघालेल्या मित्रांशीही आम्ही सहमत नाही. नसलेल्या ग्रहाला आधी चांडाळ करायचे आणि मग त्याला नायक करायचे, या दोन्ही गोष्टींत ग्रह मानलाच जातो.

आता विज्ञान. चंद्राची फिरण्याची पातळी पृथ्वीच्या पातळीशी सुमारे ५ अंशांनी कललेली आहे. त्यामुळे चंद्राचा मार्ग सूर्याच्या भासमान मार्गाला दोन ठिकाणी छेदतो. हे दोन पातबिंदू म्हणजे राहू आणि केतू. भूमितीतले बिंदू, बाकी काही नाही. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंच्या जवळपास आली की ग्रहण होते, एरवी सावली चुकते. हे बिंदू उलट्या दिशेने सरकत सुमारे १८.६ वर्षांत एक फेरी पुरी करतात. दोन रस्त्यांचा चौक कुणाच्या लग्नावर कोपेल का?

हे पूर्वी माहीत नव्हते म्हणून लोक भ्याले, असे आपल्याला शाळेत सांगतात. ते अर्धेच खरे आहे. आर्यभटाने इ.स. ४९९ मध्येच लिहून ठेवले की चंद्र सूर्याला झाकतो आणि पृथ्वीची सावली चंद्राला झाकते. मग इ.स. ६२८ मध्ये ब्रह्मगुप्ताने, ज्याला ग्रहणाचे गणित उत्तम येत होते त्याने, राहू नाकारणाऱ्यांवर टीका केली. का? तर ते वेद-स्मृतींच्या विरुद्ध जाते म्हणून. स्वतःचे गणित मात्र सावलीवरच! ही दुटप्पी अकराव्या शतकात अल्-बिरूनीने बरोबर पकडली. आजच्या पंचांगातही तेच आहे. ग्रहणाचा स्पर्श आणि मोक्ष मिनिटामिनिटाने अचूक, आणि शेजारीच वेध कधीपासून पाळायचे त्याची सूचना. अज्ञान नव्हते, मित्रांनो. ज्ञान होते, ते वाटायचे नव्हते.

कारण ग्रहणावर दोन दाने चालत. एक स्नान-संध्येचे, सन्मानाने पाय धुऊन दिलेले. दुसरे गावकुसाबाहेरचे. ग्रहण लागले की मांग-महार वस्तीतली माणसे 'दे दान, सुटे गिराण' अशी हाक देत फिरायची आणि जुने कपडे, मूठभर धान्य लांबून टाकले जायचे. समजूत अशी की राहू-केतू याच जातींचे, यांना दिले की ते सूर्य-चंद्राला सोडतात. आकाशातली सावली आमच्या माणसांच्या अंगावर कायमची टाकली ती इथे. बाबासाहेबांनी असली मानहानीची कामे आणि भीक सोडायला सांगितली तेव्हा आपल्या बायाबापड्यांनी ती सोडली, पोटाला चिमटा घेऊन सोडली. त्यांची नातवंडे आज राहूची शांती करतात.

इथे कुणी विचारेल, आणि विचारायलाच हवे, की संयुत्त निकायात चंदिम सुत्त आहे, त्यात राहू आहे, त्याचे काय? आहे. राहूने धरलेला चंद्र बुद्धाला शरण जातो आणि बुद्ध राहूला त्याला सोडायला सांगतात. आम्ही हे लपवणार नाही. त्या काळच्या लोककथेची भाषा तिथे आली आहे. पण त्यात दान नाही, विटाळ नाही, कुणाची जात नाही. आणि दीघ निकायातल्या ब्रह्मजाल सुत्तात ग्रहणांची भाकिते करून पोट भरणे ही हीन विद्या म्हटली आहे. सुत्त दाखवून पत्रिका जुळवणाऱ्यांनी तेही वाचावे. बावीस प्रतिज्ञांपैकी आठवी तर ब्राह्मणाकडून कोणतेही क्रियाकर्म करवून घेऊ नये, असे स्पष्ट सांगते. शांती हे क्रियाकर्म नाही तर काय?

२ ऑगस्ट २०२७ ला सूर्यग्रहण आहे. आपल्याकडे ते खंडग्रास दिसेल, अर्थात पावसाळ्याने दिसू दिले तर. आमच्या विहारात त्या दुपारी ग्रहणाचे चष्मे आणि पोहे असतील. गरोदर बहिणींना मुद्दाम बोलावणार आहोत. त्यांना त्या दिवशी अंधाऱ्या खोलीत उपाशी बसवतात, विळी-चाकूला हात लावू देत नाहीत, बाळाचा ओठ फाटेल म्हणून. चष्मे किती आणायचे ते ठरवायचे आहे, तुमच्या वस्तीतही करणार असाल तर कळवा, एकत्र मागवू.

त्या मुलीने आपल्या बायोडाटातून रास, नाडी, गण या ओळी काढून टाकल्या. आईने त्या पुन्हा घातल्या. परवा तिने परत काढल्या.