ठिपक्यांची घाई

न्यूझीलंडमध्ये जन्मलेल्या लेन लाय या कलावंताने १९२९ साली लंडनमध्ये ‘तुसालावा’ हा सुमारे १० मिनिटांचा चित्रपट पुरा केला. त्यात ना गोष्ट, ना माणसे. हाताने काढलेले काळे-पांढरे ठिपके हलतात, जोडले जातात आणि बघता बघता अळीसारखे काहीतरी वळवळू लागते. जीवसृष्टीची सुरुवात त्याने अशी कल्पिली.

चित्रपट मला आवडतो. त्यातली घाई मात्र खटकते. हिशेब करून पाहा. जीवांचे पुरावे निदान ३५० कोटी वर्षांपूर्वीचे, पहिले प्राणी सुमारे ६० कोटी वर्षांपूर्वीचे. हा सारा काळ १० मिनिटांत बसवला, तर पहिली ८ मिनिटे पडद्यावर एकही प्राणी दिसणार नाही. (प्रेक्षक उठून जातील, हे खरे!) पण तिसऱ्या मिनिटाच्या सुमारास, म्हणजे २४० कोटी वर्षांपूर्वी, नीलहरित जीवाणूंनी सोडलेला प्राणवायू हवेत साठू लागला. तो नसता तर तुम्ही-आम्ही कुठले?

ठिपक्याला अळी व्हायचेच होते, असे चित्रपट पाहताना वाटते. निसर्गात ठिपक्याला काहीच व्हायचे नसते. म्हणून हा चित्रपट वर्गात जरूर दाखवावा, पण हातात घड्याळ घेऊन, आणि तिसऱ्या मिनिटाला थांबवून.