एफआयआर झाला, पण खटला उभा राहील का?

मनोरीच्या बैठकीत हा प्रश्न पुन्हा आला. ॲट्रॉसिटीचा गुन्हा नोंदला की आपण निश्चिंत होतो. आरोपी मात्र तो रद्द करून घ्यायला उच्च न्यायालयात जातो. कराडच्या औषधनिर्माण महाविद्यालयातील कर्मचाऱ्याच्या फिर्यादीत उच्च न्यायालयाने आरोपीची याचिका फेटाळली होती. सर्वोच्च न्यायालयाने २० मार्च २०१८ रोजी ती मान्य केली, वर प्रत्येक प्रकरणात अटकेआधी परवानगीची अट घातली. एका आरोपीची याचिका, फटका साऱ्या देशाला! २ एप्रिलच्या भारत बंदनंतर संसदेने कलम १८-अ आणले. १ ऑक्टोबर २०१९ रोजी न्यायालयानेही ते निर्देश मागे घेतले.

गुन्हा रद्द करण्याची याचिका आजही करता येते. मात्र कलम १५-अ नुसार न्यायालयीन कार्यवाहीची वेळेवर माहिती मिळणे हा पीडिताचा हक्क आहे. पोलीस ठाण्यावर मोर्चा नेणाऱ्यांनी पुढे ती नोटीस आली का, हेही फिर्यादीच्या घरी जाऊन विचारावे.