टिनमधला शिंगाडा

रविवारी रात्री मेस बंद असते हे हॉस्टेलवाल्यांना वेगळं सांगायला नको. मागच्या डिसेंबरमध्ये अशाच एका रविवारी आमच्या विंगने ठरवलं की आज अंडाभुर्जी नाही, काहीतरी "हटके" करायचं. मेसवाल्या काकांनी भट्टी आणि मोठी कढई द्यायचं कबूल केलं, अर्थात भांडी आम्ही घासायची या अटीवर. रेसिपी शोधायचं काम माझ्याकडे आलं आणि मी शोधली "चायनीज-पॉलिनेशियन चिकन". नाव ऐकूनच अर्धी विंग गार!

अडचण दोन गोष्टींची होती. टिनमधलं पायनॅपल आणि टिनमधले वॉटर चेस्टनट. मी मोठ्या ऐटीत जाहीर केलं की हे चंद्रपुरात मिळायचं नाही, नागपूरहून मागवावं लागेल. माझा रूम पार्टनर गडचिरोली जिल्ह्यातला, धानोऱ्याकडचा. त्याने रेसिपीतला फोटो पाहिला आणि शांतपणे म्हणाला, "अबे, हे तर शिंगाडेच होय ना."

मी गप्प. कारण फर्स्ट इयरला याच पोराने घरून उकडलेले शिंगाडे आणले होते. काळे, दोन शिंगांचे. "हे काय कोळसे आणले बे?" म्हणून आम्ही सगळे हसलो होतो, आणि सगळ्यात मोठ्याने मी. त्यानंतर त्याने घरून काही आणलं नाही. कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे मला वॉटर चेस्टनट हा शब्द ठाऊक होता. गोल बाजारात टोपलीत मांडलेला शिंगाडा मात्र ओळखता येत नव्हता. आजी उपासाला ज्या पिठाचा शिरा करते ते याचंच, हेसुद्धा तेव्हा कळलं!

आता थोडं टेक्निकल. चायनीज वॉटर चेस्टनट आणि आपला शिंगाडा ही खरं तर दोन वेगळी झाडं. त्यांचं लव्हाळ्याच्या जातीचं, आणि खातात तो चिखलातला कंद. आपला पाण्यावर तरंगणाऱ्या वेलाचं फळ. पण कच्चा सोलून खाल्ला तर तसाच कुरकुरीत लागतो. आपल्या भागातल्या मामा तलावांत (म्हणजे माजी मालगुजारी तलाव) ढिवर लोक तो लावतात. थंड पाण्यात उतरून काढायचा, काटे सांभाळायचे, डोक्यावर टोपली घेऊन बाजार गाठायचा. एवढं सगळं दाराशी येतं आणि आम्ही टिन शोधतोय. पिकतं तिथं विकत नाही, दुसरं काय.

पायनॅपलची गोष्ट आणखी मजेशीर. ते मूळचं पॉलिनेशियाचं नाहीच, दक्षिण अमेरिकेचं. हवाईत डोलची पायनॅपल कंपनी १९०१ मध्ये निघाली आणि टिन जगभर गेले. आणि "पॉलिनेशियन" जेवण? १९३० च्या दशकात अमेरिकेत "डॉन द बीचकोंबर", "ट्रेडर विक्स" अशी हॉटेलं निघाली. बांबूची सजावट, बेटांची नावं, आणि ताटात बहुतेक कँटनी चायनीज! आपलं चिकन मंचुरियनही १९७५ च्या सुमारास मुंबईत नेल्सन वाँग यांनी केलं असं सांगतात, आणि ते कोलकात्यात जन्मलेले. सामोआ-हवाईकडे खरी जुनी पद्धत म्हणजे जमिनीत खड्डा, तापलेले दगड आणि पानांत गुंडाळलेलं अन्न. पळसाच्या पानांत गोवऱ्यांच्या आरावर भाजलेले पानगे खाल्लेल्या माणसाला यात नवल वाटू नये.

म्हणून आम्ही पायनॅपलऐवजी संत्रा घेतला. नागपुरी संत्रा मँडरिनच्या जातीचा, म्हणजे पायनॅपलपेक्षा चीनला जवळचाच. बारा जणांत तीन किलो चिकन, आलं, लसूण, पातीचा कांदा, गाजर, ताजे वाटाणे, सोया सॉस, थोडा गूळ आणि व्हिनेगर. शिंगाडे शेवटच्या दोन मिनिटांत टाकायचे, नाहीतर मऊ पडतात. संत्र्याचा रसही अगदी शेवटीच. पहिल्या घाण्यात आम्ही तो आधी उकळला आणि रस्सा कडू झाला (तरी संपला). वरून सांबार भुरभुरला. पुण्याकडच्या मित्राला सांबार म्हणजे कोथिंबीर हे कळायला दोन वर्षं लागली, असो. सोबत भात एचएमटीचा. हे वाण नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडे यांनी १९८३ मध्ये निवडून वाढवलं आणि नाव पडलं घड्याळावरून. दादाजी २०१८ मध्ये गेले. आपण इंजिनिअरिंगवाले "इनोव्हेशन" वर सेमिनार देतो आणि ते रोज ताटात असतं.

चिकन झकास झालं होतं, पण माझं म्हणणं वेगळं आहे. अमेरिकेतल्या त्या हॉटेलवाल्यांनी ओळखीच्या जेवणाला लांबचं नाव दिलं आणि धंदा केला. ते निदान गिऱ्हाईकाला फसवत होते. आपण स्वतःलाच फसवतो. जवळची वस्तू लांबचं नाव घेऊन आली तरच तोंडाला लावतो. शिंगाड्याला "कोळसा" म्हणणारे आम्हीच "वॉटर चेस्टनट" साठी नागपूरला पैसे पाठवायला निघालो होतो. चव तीच, फक्त आणणारा मुलगा धानोऱ्याचा होता.

मेस कमिटीला एक विनंती. रविवार दुपारचं "चायनीज" खुशाल चालू ठेवा, मलाही आवडतं. पण थंडीत जे बाजारात येतं ते आठवड्यातून एकदा तरी मेसमध्ये येऊ द्या. वालाच्या शेंगा, सोले-वांगे, शिंगाडे. आणि बोर्डावर त्याला शिंगाडाच लिहा, "एक्झॉटिक" नको.

काकांची एकच तक्रार आहे की शिंगाडे सोलायला वेळ लागतो. ती खरी आहे, माझ्या अंगठ्यावर खूण आहे. पार्टनर येत्या शनिवारी घरी जातोय, पिशवीभर आणतो म्हणाला. मी विचारलं नव्हतं. रविवारी चार वाजता मेसच्या मागे सोलायला बसू. चाकू आपापला आणा.