शब्द एका घरातले, मान वेगवेगळा

रायपूर असो, नागपूर असो की पुणे, चारचौघांत पत्नीची ओळख करून देताना अनेक गृहस्थ अदबीने म्हणतात, ‘या आमच्या मिसेस.’ शब्द सुटसुटीत आणि भारदस्तही. पण ‘मिसेस’ हे ज्या इंग्रजी शब्दाचे संक्षिप्त रूप आहे, तो ‘मिस्ट्रेस’ हा शब्द कोणी पूर्ण उच्चारला तर? घरात महाभारतच व्हायचे!

शब्दकोश उघडला तर मिस्ट्रेसचा जुना अर्थ अगदी सन्मानाचा सापडतो. मिस्ट्रेस म्हणजे घराची मालकीण, नोकरचाकरांवर हुकमत चालवणारी. ‘मिसेस’ आणि ‘मिस’ हे दोन्ही शब्द तिच्याच पोटचे. तिचा जोडीदार ‘मास्टर’. हा मास्टर आजही मालक आहे, शिक्षक आहे, एखाद्या कलेत निष्णात आहे. आपल्याकडे तर कपडे शिवणाऱ्यालाही आपण मानाने ‘मास्टर’ म्हणतो. मिस्ट्रेस मात्र बोलण्याबोलण्यात घसरत रखेलीपर्यंत पोहोचली.

अशा जोड्या इंग्रजीत पुष्कळ आहेत. ‘बॅचलर’ म्हणजे अविवाहित पुरुष. हा शब्द ऐकला की मौजेत राहणारा तरुण डोळ्यांपुढे येतो. शिवाय तो पदवीतही जाऊन बसला आहे, बी. ए. झालेली मुलगीसुद्धा ‘बॅचलर ऑफ आर्ट्‌स’च असते. ‘स्पिन्स्टर’चा मूळ अर्थ सूत कातणारी, म्हणजे स्वतःच्या कष्टावर पोट भरणारी स्त्री. पुढे सरकारी कागदांत तो अविवाहित स्त्रीसाठी आला आणि लोकांच्या तोंडी त्याचा अर्थ झाला लग्न न जमलेली, तिरसट बाई. ‘हसी’ म्हणजे उठवळ बाई; पण हा शब्द ‘हाउसवाइफ’च्याच जुन्या रूपापासून झाला आहे, हे किती जणांना ठाऊक असेल?

इंग्लंडमध्ये 2005 साली विवाहनोंदणीतून बॅचलर आणि स्पिन्स्टर हे दोन्ही शब्द गेले. दोघांसाठी एकच शब्द आला, ‘सिंगल’. आपल्या सर्वोच्च न्यायालयानेही ऑगस्ट 2023 मध्ये न्यायाधीश व वकिलांसाठी एक पुस्तिका काढली. त्यात ‘स्पिन्स्टर’ऐवजी अविवाहित स्त्री म्हणावे आणि ‘ईव्ह टीझिंग’ऐवजी रस्त्यावरील लैंगिक छळ म्हणावे, असे सुचवले होते. टीझिंग म्हणजे थट्टा. रस्त्यात मुलीचा छळ होतो, तेव्हा त्याला थट्टा म्हटले की गुन्हाही हलका वाटू लागतो.

आता आणखी एक जोडी पाहा, ‘विझर्ड’ आणि ‘विच’. दोघांचेही काम जादूचे. पण पुरुषाला विझर्ड म्हटले तर ती शाबासकी ठरते. ध्यानचंद यांना सारे जग हॉकीचे जादूगार म्हणते, ते कौतुकानेच. स्त्रीला विच म्हटले की ती शिवी होते. मराठीतही जादूगार आणि चेटकीण यांच्यात तेवढेच अंतर आहे.

छत्तीसगढमध्ये या शब्दाला ‘टोनही’ म्हणतात, म्हणजे जादूटोणा करणारी. इथे मात्र प्रकरण शिवीवर थांबत नाही. मूल तापाने फणफणले, गाय आटली, पीक बुडाले की गावात कुजबुज सुरू होते. बोट दाखवले जाते ते बहुधा एकट्या, विधवा किंवा वृद्ध स्त्रीकडे. कधी तिच्या तुकडाभर जमिनीवरही कोणाचा डोळा असतो. एकदा तो शब्द तिला चिकटला की मारहाण, धिंड, गावाबाहेर हकालपट्टी, प्रसंगी खूनही.

म्हणूनच छत्तीसगढने 2005 मध्ये टोनही प्रताडना निवारण कायदा केला. एखाद्याला टोनही ठरवणे हाच या कायद्याने गुन्हा आहे. त्यासाठी तीन वर्षांपर्यंत सक्तमजुरी आणि दंड होऊ शकतो. त्यावरून छळ केला तर पाच वर्षांपर्यंत. मारहाण होईपर्यंत थांबण्याची गरज नाही, बोट दाखवणेच पुरेसे आहे. रायपूरचे नेत्रतज्ज्ञ डॉ. दिनेश मिश्र यांनी तर ‘कोई नारी टोनही नहीं’ ही मोहीमच गावोगावी नेली. कोणतीही स्त्री टोनही नसते, इतकी साधी गोष्ट लोकांना पुन्हापुन्हा सांगावी लागते.

कोशातला अर्थ विद्वान लिहितात, पण बोलीतला अर्थ आपण सारे मिळून घडवतो. मुले शाळेत स्त्रीलिंगी-पुल्लिंगी शब्दांची यादी पाठ करतात, तेव्हा आईवडिलांनी त्यांना दोन्ही अर्थ सांगावेत आणि त्यांत फरक का पडला, हेही विचारावे. आणि शेजारच्या एखाद्या फटकळ आजींना घरात गमतीने ‘चेटकीण’ म्हणण्याची सवय असेल, तर ती आजच सोडावी. मुले यादीपेक्षा घरातल्या बोलण्यातूनच जास्त शिकतात.