पानाची डावी बाजू

आपल्याकडे पान वाढण्याची एक ठरलेली रीत आहे. मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर, लोणचे हे डाव्या बाजूस, भाजी, उसळ, आमटीची वाटी उजव्या बाजूस, मध्ये भात. आता वाचकांनी अशी कल्पना करावी की, अर्धांगवायूच्या झटक्यातून उठलेले एक आजोबा इस्पितळातून घरी परतले आहेत आणि सूनबाईंनी त्यांच्यापुढे असे नीट वाढलेले ताट ठेवले आहे. आजोबा चवीने जेवतात. भाजी संपते, आमटी संपते. भाताचा उजवा अर्धा भाग संपतो. डावा अर्धा, सुरीने कापून ठेवावा तसा, जागच्या जागी राहतो. चटणीला बोटही लागलेले नसते. वर आजोबा विचारतात, “आज चटणी केली नाही काय?”

“आहे ना, तुमच्या समोरच आहे,” सूनबाई म्हणतात.

“कुठे आहे?”

अशा वेळी घरची मंडळी एकमेकांकडे पाहू लागतात. कोणास तो हट्ट वाटतो, कोणास म्हातारचळ, कोणास आपल्या स्वयंपाकावरचा रोष. इतक्यात कोणी तरी ताट अर्धे फिरवते, आणि आजोबा, जणू नवे वाढण झाले अशा समजुतीने, उरलेला भात मुकाट्याने जेवू लागतात.

प्रसंग कल्पित आहे. विकार कल्पित नाही. वैद्यकात त्यास इंग्रजी नावानेच ‘निग्लेक्ट’ म्हणतात. आपण त्यास एकांगी दुर्लक्ष म्हणू. मेंदूच्या उजव्या अर्धगोलास, विशेषतः कानाच्या वर व किंचित मागे असलेल्या भागास, रक्तपुरवठा खुंटल्याने इजा झाली म्हणजे पुष्कळ रुग्णांत तो दिसून येतो. असा मनुष्य दाढी करतो ती उजव्या गालाची. सदऱ्याची डावी बाही घालावयाची राहून जाते. घड्याळाचे चित्र काढावयास सांगितले तर बाराही आकडे वर्तुळाच्या उजव्या अर्ध्यात कोंबतो. कागदावरील आडव्या रेघेचा मध्य दाखवा म्हटले तर मध्याच्या बराच उजवीकडे खूण करतो. दाराच्या डाव्या चौकटीवर आदळतो आणि दार अरुंद झाले असे त्यास वाटते.

हा डोळ्यांचा दोष असावा अशी शंका प्रथम येते, परंतु ती टिकत नाही. ज्याची दृष्टी खरोखरीच एका बाजूने गेली आहे, त्याला काही दिवसांत ते उमगते व तो मान वळवून ती उणीव भरून काढावयास शिकतो. एकांगी दुर्लक्ष झालेला मनुष्य मान वळवीत नाही, कारण वळवून पाहण्याजोगे काही तिकडे आहे असे त्यास वाटतच नाही. डॉक्टर रोग्याच्या खाटेशी उभे राहून एक साधी परीक्षा करतात. रोग्याच्या डाव्या बाजूस एकटेच बोट हालविले तर अनेकदा त्यास ते दिसते. उजव्या बाजूचे बोट त्याच क्षणी हालविले की डावे बोट नाहीसे होते. डोळा तोच, बोट तेच, उजेडही तोच. बदलले ते इतकेच की, दुसऱ्या बाजूने एक प्रतिस्पर्धी उभा राहिला. जाणिवेच्या दाराशी दोघे आले आणि एकास प्रवेश मिळाला.

या बाबतीतील सर्वांत विलक्षण प्रयोग इटलीतील मिलान शहरी झाला. एदोआर्दो बिसियाक व क्लाउदिओ लुत्साती या दोन संशोधकांनी तो 1978 साली प्रसिद्ध केला. मिलानच्या मध्यभागी तेथील विख्यात कॅथीड्रल आहे. 1386 मध्ये बांधावयास घेतलेल्या या मंदिरासमोर एक विस्तीर्ण चौक आहे. मंदिराकडे तोंड करून उभे राहिले म्हणजे डाव्या हातास काचेच्या छताची व्हिक्टर इमॅन्युएल गॅलरी आणि उजव्या हातास जुना राजवाडा येतो. मिलानकर मनुष्यास हा चौक आपल्या अंगणासारखा पाठ असतो. बिसियाक व लुत्साती यांचे दोघे रुग्ण असेच होते. दोघांनाही डाव्या बाजूचे दुर्लक्ष जडलेले होते.

प्रयोगात पाहावयाचे काहीच नव्हते. रुग्णास सांगण्यात आले की, तुम्ही चौकाच्या पलीकडच्या टोकास मंदिराकडे तोंड करून उभे आहा अशी कल्पना करा, आणि काय काय दिसते ते सांगा. रुग्णांनी उजव्या बाजूच्या इमारती एकामागून एक सांगितल्या; डाव्या बाजूविषयी जवळजवळ काहीच नाही. मग सांगण्यात आले, आता मंदिराच्या दाराशी या आणि चौकाकडे तोंड करा. आता जी बाजू उजवी झाली, तिचे वर्णन सुरू झाले. मघा जिचा उल्लेखही नव्हता तीच ती बाजू! आणि मघा ज्या इमारती धडाधड सांगितल्या होत्या, त्या आता ओठांवर येईनात.

वाचकहो, येथे घटकाभर थांबावयास हवे. त्या रुग्णांच्या स्मृतीत संपूर्ण चौक शाबूत होता. दोन्ही वर्णने एकत्र ठेवली की तो उभा राहत असे. डोळ्यांचा तर प्रश्नच नव्हता, कारण चौक समोर नव्हता. मनातल्या मनात उभे राहूनही डावीकडे वळता येत नव्हते. म्हणजे आपण ज्यास लक्ष म्हणतो ते केवळ बुबुळांचे वळणे नव्हे. आठवणीतही त्यास दिशा असते. डोळे मिटून आपले जुने घर आठवताना आपण ओसरीवरून माजघरात, माजघरातून परसात जातो, ते ज्याच्या पायांनी जातो तेच हे लक्ष. ते पाय एका बाजूस लुळे पडले तर घराचा तेवढा भाग स्मृतीत असूनही आपल्यासाठी नसतो.

डोळे आणि लक्ष या दोन वेगळ्या वस्तू होत, हे जर्मन शास्त्रज्ञ हेल्महोल्ट्स याने एकोणिसाव्या शतकातच दाखविले होते. अंधाऱ्या पेटीत अक्षरे लावून, नजर एका बिंदूवर खिळवून, तो क्षणभर विजेची ठिणगी पाडी. ठिणगी पडण्यापूर्वी पेटीच्या ज्या कोपऱ्याकडे मनाने लक्ष दिले असेल तेथील अक्षरे त्यास वाचता येत, इतर नव्हेत. नजर मात्र तसूभरही हललेली नसे. शाळेत फळ्याकडे टक लावून बसलेला आणि मनाने पटांगणात असलेला विद्यार्थी मास्तरांना जे शिकवितो तेच हे. केवळ त्याची प्रयोगवही नसते.

मात्र लक्ष आपण दर वेळी स्वतः देतो असे मुळीच नाही. पुष्कळदा ते आपल्याकडून काढून घेतले जाते. संत ऑगस्टीन यांनी इ. स. 400 च्या सुमारास लिहिलेल्या आपल्या आत्मनिवेदनाच्या दहाव्या भागात याची फार प्रांजळ नोंद केली आहे. शेतात कुत्रा सशामागे धावताना दिसला की आपला गंभीर विचार कसा मोडतो, आणि घरात बसले असता पालीने माशी पकडली किंवा कोळ्याने तिला जाळ्यात गुंतविले तरी आपण कसे तिकडे पाहत राहतो, हे हिप्पोचे बिशप स्वतःविषयी सांगतात. मिस्साच्या वेळी भिंतीवरील पालीने ज्यांचे चित्त हरण केले असेल, त्यांनी आपण थोर संगतीत आहो असे समजावयास हरकत नाही.

मेंदूचे अभ्यासक आज या दोन प्रकारांस दोन वेगळ्या यंत्रणा मानतात. कॉर्बेटा व शुलमन या अमेरिकेत काम करणाऱ्या दोन संशोधकांनी 2002 साली ही मांडणी केली. एक यंत्रणा इच्छेनुसार लक्ष वळविते. ती दोन्ही अर्धगोलांत आहे. दुसरी अवचित घडलेल्या गोष्टीकडे लक्ष ओढून नेते; ती मुख्यत्वे उजव्या अर्धगोलात आहे. शिवाय असाही एक तर्क बराच मान्यता पावला आहे की, डावा अर्धगोल लक्ष केवळ उजवीकडे वळवू शकतो, उजवा अर्धगोल मात्र दोन्हीकडे. त्यामुळे डाव्यास इजा झाली तर उजवा दोघांचे काम सांभाळून घेतो. उजव्यास इजा झाली तर डावीकडे पाहणारे कोणीच उरत नाही. ताटाची डावीच बाजू का राहते, याचे उत्तर यात बरेचसे आहे. आणि याच कारणाने घरच्यांची फसगत होते. बहुतेकांच्या बाबतीत भाषेचे केंद्र डाव्या अर्धगोलात असते. तिकडे इजा झाली की वाचा जाते व सारे घर सावध होते. उजव्या अर्धगोलाच्या रोग्याची वाचा स्वच्छ, आठवण ठीक, जुन्या गोष्टी तो रंगवून सांगतो. अशा माणसास अर्धे जग दिसत नाही, यावर विश्वास कसा बसावा?

स्वतः रोग्याचा तर मुळीच बसत नाही. पॅरिसमधील बाबिन्स्की या वैद्याने 1914 साली असे रोगी वर्णिले की, ज्यांचा डावा हात पूर्ण लुळा असूनही त्यांना त्याचे भान नव्हते. हात उचला म्हटले तर काही जण उचलला असेच म्हणत. यास लबाडी म्हणणे अन्यायाचे होईल. ज्या यंत्रणेने उणीव कळावयाची, तीच येथे जायबंदी झालेली असते.

मग जे लक्षात आले नाही ते मनात मुळी शिरतच नाही काय? 1988 साली मार्शल व हॅलिगन या दोन संशोधकांनी एका रुग्ण स्त्रीस घराची दोन चित्रे दाखविली. दोन्ही घरे सारखी. मात्र एकाच्या डाव्या बाजूतून आगीच्या ज्वाळा निघत होत्या. तिने दोन्ही चित्रे एकसारखीच आहेत असे सांगितले. कोणत्या घरात राहावयास आवडेल, असे विचारता तिला प्रश्नच खुळचट वाटला, कारण घरे तर सारखीच! तरीही निवड करावयास लावली असता बहुतेक वेळा तिने न जळणारे घर निवडले. आगीची वार्ता कोठे तरी पोहोचली होती, परंतु जिला आपण ‘मी’ म्हणतो तिच्यापर्यंत नव्हे. हा निष्कर्ष मोहक आहे खरा, पण त्यावर फार मोठी इमारत उभारू नये असे मला वाटते. बिसियाक यांनीच एका सहकाऱ्यासह 1990 साली असाच प्रयोग इतर रुग्णांवर केला, तेव्हा त्यांतील काहींनी जळके घरच पसंत केले आणि त्याची कारणेही दिली.

आपल्या भाषेत चौफेर पाहणाऱ्या कर्त्या माणसास अष्टावधानी म्हणतात. हैदराबादकडील वाचकांनी तेलुगू अवधानाचा खेळ प्रत्यक्ष पाहिला असेल. आठ जण अवधानीस आठ दिशांनी प्रश्न घालतात. कोणी समस्या देतो, कोणी अक्षरांचे निर्बंध घालतो, कोणी मुद्दाम वाह्यात गप्पा मारतो, कोणी मधूनच घंटा वाजवितो आणि तिचे टोल शेवटी बिनचूक सांगावयाचे असतात. तेथेही तो आठांना एकाच क्षणी उत्तर देत नाही. पाळीपाळीने एकेकाकडे जातो व मागचा धागा स्मृतीत धरून ठेवतो. आपल्या सर्वांचेच लक्ष एका वेळी थोडे मावणारे असते. 2013 साली अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात 24 क्ष-किरणतज्ज्ञांना फुप्फुसांच्या चित्रांत गाठी शोधावयास दिल्या होत्या. शेवटच्या चित्रात एका गोरिलाची आकृती घातली होती, नेहमीच्या गाठीच्या 48 पट मोठी. 20 जणांस ती दिसली नाही. या तज्ज्ञांचे डोळे व मेंदू दोन्ही धडधाकट होते. ते गाठी शोधीत होते, म्हणून गोरिला राहिला.

असो. ज्या घरी असे आजोबा किंवा आजी आहेत, त्या घरासाठी काही गोष्टी सांगावयाच्या आहेत. झटक्यानंतर वरील लक्षणे दिसली तर ती डॉक्टरांना अवश्य कळवावीत. अर्धे ताट उरते, ही गोष्ट घरच्याशिवाय त्यांना कोण सांगणार? पुष्कळ रुग्णांत हा विकार पहिल्या काही आठवड्यांत व महिन्यांत ओसरतो. काहींत मात्र रेंगाळतो. तोवर पाण्याचा तांब्या, औषध, हाक मारण्याची घंटा ही निकडीची चीजवस्तू उजव्या हाताशी असावी. डाव्या बाजूस विस्तव, गरम चहा किंवा उघडी पायरी असू नये. रस्ता ओलांडताना कोणी तरी डावीकडून बरोबर चालावे. वाहन चालविणे तर डॉक्टरांनी स्पष्ट परवानगी देईपर्यंत बंदच ठेवावे.

त्याचबरोबर डाव्या बाजूचा सराव सुरू ठेवावा लागतो. वाचताना पानाच्या डाव्या कडेला जाड तांबडी रेघ ओढावी आणि ती दिसेपर्यंत ओळ सुरू करावयाची नाही असा परिपाठ ठेवावा. जेवताना “ताटाची डावी कड बोटाने शोधा” असे शांतपणे सांगावे. गप्पा मारावयास बसताना आधी उजवीकडे बसून ओळख पटवावी आणि हळूहळू खुर्ची डावीकडे सरकवीत न्यावी. फ्रान्समध्ये 1998 साली लोलकाचे चष्मे वापरून एक उपचार प्रसिद्ध झाला. या चष्म्यांतून सारे दृश्य किंचित उजवीकडे सरकलेले दिसते. तो घालून काही मिनिटे समोरच्या खुणेला बोट लावण्याचा सराव केला व नंतर चष्मा उतरविला, तर हात आपोआप डावीकडे झुकतो आणि दुर्लक्षही काही काळ कमी होते. पुढील चाचण्यांत त्याचा गुण सर्वांना सारखा आला नाही. तथापि आपल्या रुग्णास तो लागू आहे काय, हे मेंदूविकारतज्ज्ञांस विचारून पाहावे. आणि चटणी, निदान काही दिवस, उजवीकडे वाढली तरी चालेल.