वाळूतला अपघात आणि कागदावरचे एक अक्षर



ऑक्टोबर सरत आला की ओमानच्या उन्हाची धार उतरते आणि शुक्रवार-शनिवारच्या सुटीत मस्कतमधील आपली कुटुंबे बिदियाच्या बाजूला, वहीबाच्या वाळूकडे निघतात. ज्यांना एवढे लांब जायचे नसते ते बौशरच्या टेकड्यांवरच हौस भागवतात. तिथे चार चाकांची क्वाड बाईक भाड्याने मिळते. हेल्मेटाविषयी आम्ही येथे काही लिहीत नाही. ते सर्वांना ठाऊक आहे, पाळले जात नाही इतकेच. आम्हांला लिहायचे आहे ते अपघातानंतर दोन-तीन वर्षांनी उभ्या राहणाऱ्या प्रश्नाविषयी.

गाडी उलटली, गुडघ्याखालचे हाड मोडले, शस्त्रक्रिया झाली, हाड जुळले. सारे मिटले असे वाटत असताना गुडघा दुखू लागतो आणि जिना चढवेनासा होतो. डॉक्टर सांगतात, सांधा झिजला. हा झिजलेला सांधा वयाचा की अपघाताचा, या एका प्रश्नावर विम्याचा दावा आणि क्वचित नोकरीही अवलंबून असते. त्याचे उत्तर कागदावर नोंदण्याची रीत म्हणजे मेडिकल कोडिंग. पुण्या-नागपुरात आपली कितीतरी मुले-मुली हे काम करतात; पण घरच्यांना त्याचा अर्थ क्वचितच उमगलेला असतो.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१० सीएम ही संकेतावली लागू आहे आणि आपली मुले बहुधा तीच शिकतात. तिच्यात इजेच्या संकेतांकाचे सातवे अक्षर महत्त्वाचे. ‘ए’ म्हणजे उपचार चालू आहेत, ‘डी’ म्हणजे जखम भरून येण्याच्या काळातील देखभाल, आणि ‘एस’ म्हणजे मूळ इजा संपली, तिचा परिणाम मात्र मागे उरला. अस्थिभंगासाठी आणखीही अक्षरे आहेत, ती येथे सोडून देतो. वरच्या उदाहरणात उजवा गुडघा असेल तर आधी आजचा आजार लिहायचा, इजेनंतरची सांध्याची झीज, एम १७.३१, त्यानंतर ती ज्या इजेतून आली ती, एस ८२.१०१ एस, आणि शेवटी कारण, व्ही ८६.५५ एक्स एस. या शेवटच्या संकेतांकाचा अर्थ असा: रस्त्याबाहेर क्वाड बाईकसारखे वाहन चालवताना झालेला अपघात, त्याचा उरलेला परिणाम. मागे बसलेल्या व्यक्तीचा संकेतांक वेगळा, वाळूवरच्या बग्गीचा आणखी वेगळा. अपघाताला किती काळ लोटला याची अट येथे नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये सातवे अक्षर नाही. तिथे अशा परिणामांसाठी टी ९० ते टी ९८ हे गट आहेत आणि वाहन-अपघाताच्या कारणासाठी वाय ८५.

आवृत्ती कोणतीही असो, कोडर स्वतः अनुमान काढू शकत नाही. डॉक्टरांनी ‘गुडघ्याची झीज’ एवढेच लिहिले तर तो वयाचा आजार ठरतो. ‘अमुक साली झालेल्या अस्थिभंगामुळे’ हे शब्द असतील तरच ‘एस’ हे अक्षर लागते. डोक्याच्या इजेत तर ही तूट फार महागात पडते. वाळू मऊ असते या समजुतीने पडलेला मुलगा उठून घरी येतो. पुढे वर्षभराने आकडी येते, आणि त्या दिवसाची आठवण घरातले कोणी डॉक्टरांना सांगतच नाही.

आता ज्या नियमासाठी हा स्तंभ लिहिला त्याकडे येतो. अपघात कुठे झाला, त्या वेळी व्यक्ती काय करीत होती, आणि ती पगारावर होती की मौजेसाठी आली होती, यांचेही संकेतांक आहेत. अमेरिकी नियमावलीप्रमाणे ते पहिल्या उपचाराच्या वेळी एकदाच नोंदवायचे असतात. पुढे उरलेल्या परिणामांच्या नोंदीत त्यांना जागा नाही. वाळवंटातील कॅम्पवर पाहुण्यांना फिरवून आणणारा कामगार आणि सुटीला आलेला पाहुणा एकाच टेकडीवर, एकाच प्रकारच्या गाडीवरून पडले, तर तीन वर्षांनंतर दोघांची नोंद अक्षरशः सारखी दिसेल. एकाचे ते काम होते, दुसऱ्याची ती करमणूक होती, हा भेद पहिल्या दिवशीच्या कागदावर नसेल तर पुढे तो कोणी शोधून काढत नाही. कामावरची इजा हा भरपाईचा विषय आहे, मौजेतील इजा नाही. म्हणून कॅम्पवर, गॅरेजात वा टूर कंपनीत असलेल्या आपल्या भावांना आम्ही आग्रहाने सांगतो: वेदनेत असलात तरी ‘मी ड्यूटीवर होतो’ हे वाक्य पहिल्याच नोंदीत लिहवून घ्या. शुद्ध नसेल तर सोबत्याने ते सांगावे.

याची उलट बाजूही आहे. बऱ्याच पॉलिसींत धोक्याच्या खेळांतील इजा वगळलेली असते, त्यामुळे ‘घरी जिन्यावरून पडलो’ असे सांगण्याचा सल्ला देणारे हितचिंतक भेटतात. तो मानू नये. खोटे पकडले गेले तर दावा जातोच. न पकडले गेले तरी पुढची सारी नोंद जिन्याची होते आणि खरी हकीकत सांगायची वेळ आली की आपलाच कागद आपल्याविरुद्ध उभा राहतो. त्यापेक्षा गाडीवर बसण्यापूर्वी पॉलिसीतील वगळलेल्या बाबींचे पान वाचावे. कंटाळवाणे असते, पण दहा मिनिटांचे काम आहे.

बिदियाकडील जखमी बहुधा आधी इब्राच्या रुग्णालयात आणि गंभीर असल्यास मस्कतच्या खौला रुग्णालयात पोहोचतो. दोन्हीकडचे कागद वेगवेगळे मागून घ्यावेत. दुसऱ्या ठिकाणच्या डिस्चार्ज समरीत पहिल्या ठिकाणची हकीकत एका ओळीत आटोपलेली असते. पोलिसांचा अहवाल अरबीत असतो, त्याचे अधिकृत भाषांतर ओमान सोडण्यापूर्वीच करवून घ्यावे. गावी परतल्यावर तालुक्याच्या डॉक्टरांपुढे तो अरबी कागद ठेवून काही साधत नाही. एक्स-रेच्या फिल्म वा सीडी, शस्त्रक्रियेची टिपणे आणि पहिल्या दिवशीचा केसपेपर यांच्या दोन प्रती काढाव्यात, एक आपल्याजवळ आणि एक गावच्या घरी.